आधी जागा विचारतात, मग स्टिक दाखवतात: हॅम्बुर्गमधलं एक हॉकीचं दुकान

पाचपैकी चार तारे. एक का कापला ते शेवटी सांगतो.

दुकानाचं नाव लिहीत नाही, कारण मालकीणबाईंनीच नको म्हणून सांगितलंय. "आहे ती गर्दी पुरे." शहराच्या उत्तरेला, यू-१ या मेट्रोच्या लाइनीवर, एका बेकरीच्या मागच्या अंगाला आहे. हॅम्बुर्गात हॉकी खेळणारं पोर घरी असेल तर कुणाला तरी विचारा, पत्ता मिळेल.

आता आम्ही तिथे कसे पोचलो ते. लेक तेरा वर्षांची, इथल्या क्लबात खेळते. मार्चमध्ये कोचनं तिला पुढून काढून मागे उभं केलं. पोरगी दोन दिवस घरात बोलली नाही. मला तिचं दुःख कळत होतं, कारण मी खडकीचा. आमच्या लहानपणी खडकीत प्रत्येकाला धनराज पिल्ले व्हायचं होतं. धनराज आमच्याच गल्ल्यांमधून वर गेलेला, त्यामुळे ग्राउंडवर वीस पोरं जमली की वीसच्या वीस फॉरवर्ड. ज्याला पळता येत नाही, तो फुलबॅक. मी फुलबॅक होतो.

लेकीनं मात्र दोन दिवसांनी स्वतःच तोडगा काढला. मागेच खेळायचं तर नीके लोरेन्ससारखं खेळायचं. लोरेन्स म्हणजे जर्मनीच्या बायकांच्या संघाची टोकियो ऑलिंपिकमधली कॅप्टन. बचावात खेळते, मधल्या फळीतही खेळते आणि शॉर्ट कॉर्नरवर, म्हणजे गोलजवळच्या चुकीबद्दल मिळणाऱ्या फटक्यावर, गोल मारते. टोकियोत सप्तरंगी पट्टा बांधून खेळली, त्यासाठी आधी ऑलिंपिक समितीची रीतसर परवानगी काढली होती. आमच्या घरी फ्रिजवर तिचा फोटो आहे. तर लोरेन्ससारखं खेळायचं म्हणजे ड्रॅग फ्लिक (बॉल स्टिकवर ओढत नेऊन गोलकडे फेकायचा) मारायची आणि ड्रॅग फ्लिक मारायची म्हणजे तसली स्टिक हवी, असं गणित. वाढदिवसाचे पैसे, आजीनं पुण्याहून पाठवलेले पैसे आणि उरलेले माझे असे २७० युरो घालून एका ऑनलाइन दुकानातून स्टिक मागवली. पंच्याण्णव टक्के कार्बन, एक्स्ट्रा लो बो, म्हणजे स्टिकचा बाक अगदी खाली, टोकाजवळ. दिसायला सुंदर, काळीभोर.

दोन आठवड्यांत तिचे गुण दिसले. बॉल अडवायला स्टिक आडवी टाकली की बॉल टणकन उडून हातभर पुढे. सरळ हिट मारावी तर बॉल जमीन सोडून वर. तिसऱ्या शनिवारी आमच्याच डीमध्ये, म्हणजे गोलसमोरच्या अर्धगोलात, तिनं क्लिअर करायला मारलेला बॉल समोरच्या मुलीच्या मांडीवर बसला. शिट्टी, शॉर्ट कॉर्नर, गोल. लेक गाडीत रडली. मी ऑनलाइन दुकानाला लिहिलं. "वापरलेला माल परत घेत नाही." बरोबरच आहे त्यांचं, पण विकताना 'कुठे खेळता' एवढं विचारायला काय झालं होतं?

या दुकानात दारातून आत गेल्यावर पहिला प्रश्न तोच आला. "मॉइन (इथला नमस्कार). कुठे खेळतेस?" बजेट नाही, ब्रँड नाही. मालकीणबाई साठीच्या पुढच्या, चष्मा डोक्यावर चढवलेला, स्वतः तरुणपणी बॅक खेळलेल्या. दुकान लहान. रबराचा आणि नव्या ग्रिपचा वास. भिंतीवर स्टिका ब्रँडप्रमाणे लावलेल्या नाहीत, बाकाप्रमाणे लावल्यात. डावीकडे मिड बो, म्हणजे बाक मधे, उजवीकडे जात जात लो बो. मागे जुन्या टर्फची चार-पाच मीटरची पट्टी आणि शेवटी लाकडी फळी. हवी ती स्टिक घ्या, फळीवर बॉल मारा, परत येईल तो अडवा. वेळेचं बंधन नाही.

मग त्यांनी आमची काळी सुंदरी काउंटरवर पालथी टाकली, म्हणजे सपाट बाजू खाली, आणि गल्ल्यातून चिल्लर काढली. हे मी आयुष्यात पहिल्यांदा पाहिलं, म्हणून नीट सांगतो. स्टिक पालथी ठेवली की मधे कमान होते. ही कमान नियमानं जास्तीत जास्त २५ मिलिमीटर उंच असू शकते. एक युरोचं नाणं उभं धरलं तर सव्वातेवीस मिलिमीटर, दोन युरोचं पावणेसव्वीस. बाईंनी एक युरो उभा करून कमानीखालून घरंगळवला. गेला. दोन युरोचं अडकलं. म्हणजे कमान नियमाच्या अगदी काठावर. शिवाय नाणं गेलं ते खाली, स्टिकच्या वळलेल्या टोकाजवळून, कारण बाक सगळा तिथे. "ही फ्लिक मारायची स्टिक आहे. बॉल या खोबणीत बसतो आणि इथून सुटतो. तू मॅचमध्ये फ्लिक किती वेळा मारतेस?" लेक गप्प. "आणि बॉल अडवतेस किती वेळा?" लेक आणखी गप्प.

मग डावीकडची एक स्टिक पालथी घातली. तिच्याखालून एक युरो जाईना. दहा सेंटचं नाणं, जे वीस मिलिमीटरलाही किंचित कमी भरतं, ते गेलं आणि मधून गेलं. बाक वर असला की खालचा भाग सरळ राहतो, त्यामुळे स्टिक जमिनीवर आडवी टाकली की सलग टेकते आणि हिट मारली की बॉल जमीन धरून जातो. कार्बनचंही तसंच. कार्बन जास्त म्हणजे स्टिक कडक, मारायला जोर, पण येणारा बॉल अंगावरून उडतो. कार्बन कमी आणि फायबरग्लास जास्त असेल तर बॉल जरा मऊ बसतो. पस्तीस वर्षं हॉकीशी संबंध असून मला हे कुणी सांगितलं नव्हतं. आमच्याकडे मलबेरीच्या लाकडाची एकच स्टिक, तिला टेप गुंडाळून गुंडाळून तीन भाऊ खेळले.

लेकीचं तोंड अजून वाकडंच होतं. मिड बो म्हणजे तिच्या लेखी शिक्षा. तेव्हा बाईंनी भिंतीवरचा एक फोटो दाखवला. २०१६, रिओ, जर्मनीच्या मुली गळ्यात ब्राँझ घालून उभ्या. लेकीनं पटकन बोट ठेवलं, ही लोरेन्स! तेव्हा ती फक्त १९ वर्षांची होती. "बरोबर. आणि ही कोण?" लेकीला येईना. मलाही येईना, खोटं कशाला बोलू.

ती यान्ने म्युलर-वीलांड. हॅम्बुर्गचीच, १९८६ चा जन्म, उलेनहोर्स्टर क्लबची डिफेंडर. हा क्लब १९०१ सालचा. लेकीच्या संघाची त्यांच्याशी वर्षातून दोनदा तरी गाठ पडते, आणि आम्हाला तिचं नाव माहीत नव्हतं. तीन ऑलिंपिक खेळली. बाईंनी ते बोटांवर मोजून दाखवलं आणि त्यात काही गोड नव्हतं. २००८, बीजिंग: सेमीफायनलमध्ये चीनकडून ३-२ नं हार, मग ब्राँझची मॅच अर्जेंटिनाकडून हरले, चौथा नंबर. २०१२, लंडन: सातवा नंबर. अथेन्सला २००४ मध्ये जर्मनीच्या बायकांनी सोनं आणलं होतं, त्यामुळे नंतर आलेल्या या पिढीला सगळे त्याच मापानं मोजायचे. रिओत ती २९ वर्षांची. क्वार्टर फायनलला अमेरिकेवर २-१. सेमीला समोर हॉलंड, पूर्ण वेळात १-१.

इथे बाई थांबल्या. शूटआउटला काय होतं माहिताय ना? एक खेळाडू २३ मीटरच्या रेषेवरून निघते, समोर फक्त गोलकीपर, हातात आठ सेकंद. बाकीच्या सगळ्या लांब उभ्या राहून बघतात. तासभर जी पोरगी हॉलंडच्या फॉरवर्डना डीबाहेर ढकलत असते, तिनं त्या वेळी करायचं काय? काही नाही. सगळं गोलकीपरवर. हॉलंडनं ४-३ नं जिंकलं. नंतर न्यूझीलंडला २-१ हरवून ब्राँझ घेतलं, तो हा फोटो. म्युलर-वीलांड पुढे २०१८ च्या लंडन वर्ल्ड कपलाही खेळली. क्वार्टर फायनलला स्पेनकडून १-० नं हार. पहिल्या ऑलिंपिकपासून मेडल गळ्यात पडेपर्यंत आठ वर्षं.

"आठ वर्षं मागेच?" लेकीनं विचारलं. बाई म्हणाल्या, "कुणीतरी मागे असतंच ना."

मला यात विक्रीची युक्ती दिसली नाही, कारण बाईंनी २७० च्या स्टिकऐवजी १२० ची विकली. पन्नास टक्के कार्बन, मिड बो, साडेछत्तीस इंची. लेकीच्या मापापेक्षा अर्धा इंच लांब, बॅकला हात लांब पुरावा म्हणून. काळी स्टिक त्यांनी विकायला ठेवून घेतली आणि तीन आठवड्यांनी कुणा फ्लिक मारणाऱ्या मुलीला ती गेली. मला १६० युरो मिळाले, बाईंनी वर काही ठेवून घेतलं नाही. ऑनलाइन दुकानात हे होत नसतं, एवढंच सांगतो.

मास्कही तिथूनच घेतला. आमच्या वेळी शॉर्ट कॉर्नरला गोललाइनवर उभं राहायचं म्हणजे एक हात पुढे आणि तोंडात रामनाम. आता चार बचावपटू आणि गोलकीपर लाइनीमागे, आणि पोरी मास्क, ग्लोव्हज चढवून धावतात. सरळ हिट असेल तर बॉल ४६ सेंटिमीटरच्या वर जाऊन चालत नाही, पण फ्लिकला ती मर्यादा नाही, ती थेट चेहऱ्याच्या उंचीनं येते. बाईंनी सहा मास्क घालायला लावले आणि प्रत्येक घालून खाली वाकून पायाशी बघायला सांगितलं. बॉल पायाशी असताना खालची कड आडवी येते की नाही हे उभं राहून कळत नाही. जो उभ्यानं सगळ्यात चांगला बसला होता, तोच वाकल्यावर बाद झाला. महिन्याभरात पट्ट्याचं वेलक्रो सुटलं, ते फुकट बदलून दिलं.

सहा आठवड्यांचा अनुभव: बॉल उडत नाही. हिटला जोर थोडा कमी, हे खरं. लेक कुरकुरते, मग विसरते. ग्रिप मूळची फार गुळगुळीत होती, पावसात हातातून सरकायची. दुसरी चढवून घेतली, सहा युरो.

जर्मनीत नव्यानं आलेल्या मराठी आईबापांसाठी एक सूचना. इथे थंडीत हॉकी बंद होत नाही, हॉलमध्ये जाते. तिथली स्टिक वेगळी, पातळ आणि हलकी, कारण हॉलमध्ये हिट मारायचीच नसते, फक्त पुश. म्हणजे पुन्हा खर्च. हे दुकान वाढत्या वयाच्या मुलांना हॉलची स्टिक सीझनपुरती भाड्यानं देतं, २५ युरो. नोव्हेंबर उजाडायच्या आत सांगून ठेवा, नाहीतर उरतात त्या इतरांनी नाकारलेल्या.

बाईंना भारतीय हॉकीची बऱ्यापैकी खबर आहे. धनराज स्टुटगार्टकडून खेळून गेला हे त्यांनीच मला सुनावलं. जानेवारी २०२४ ची रांचीची सेमीफायनलही त्यांना पाठ: भारत-जर्मनी २-२, शूटआउटला जर्मनी ४-३, मग तिसऱ्या जागेची मॅच जपानकडून हरलो आणि आपल्या मुलींचं पॅरिस ऑलिंपिक हुकलं. ती मॅच मी ऑफिसात फोन टेबलाखाली धरून पाहिली होती. संध्याकाळी घरी लेक खुशीत आणि मी जेवलो नाही. त्या दिवशी भारताच्या बेंचवर कोच होत्या यानेके स्खोपमान. पॅरिसनंतर त्याच जर्मनीच्या कोच झाल्या. "चांगला माल आम्ही ओळखतो," बाई म्हणाल्या. मी ग्रिपचे पैसे दिले आणि विषय बदलला.

आता कापलेला तारा. शनिवारी दुकान दोनला बंद. मुलींच्या मॅचेस संपतात दीडला. ग्रिप फाटते मॅचमध्येच, मंगळवारी कधी फाटत नाही. दोनदा मी धावत गेलो आणि दोनदा शटर अर्धं खाली होतं. एकदा बाईंनी खालून हात बाहेर काढून ग्रिप दिली, "पैसे पुढच्या वेळी" म्हणाल्या आणि शटर पूर्ण ओढलं. कार्ड चालत नाही, रोकड न्या. पार्किंग बेकरीच्या गिऱ्हाइकांसाठी आहे, पण दोन ब्रेड घेतले की कुणी काही बोलत नाही.