अ‍ॅझ्टेक आणि इंका : पडझड सारखी नव्हती

मेक्सिकोतले अ‍ॅझ्टेक आणि दक्षिण अमेरिकेच्या अँडीज पर्वतातले इंका, मूठभर स्पॅनिशांनी ही दोन्ही साम्राज्यं बुडवली म्हणून आपण त्यांना एकाच माळेत ओवतो. मला ते पटत नाही.

अ‍ॅझ्टेकांनी तळ्यातल्या बेटावर तेनोच्तित्लान ही राजधानी वसवली आणि १४२८ मध्ये तेश्कोको व त्लाकोपान या शेजारच्या नगरराज्यांशी युती करून सत्ता वाढवली. जिंकलेल्या गावांचे राजे बहुधा तसेच ठेवायचे, पण खंडणीत कोको, सुती कापड, पक्ष्यांची पिसं घ्यायचे. युद्धकैद्यांचे बळीही द्यायचे. त्यामुळे जिंकलेल्यांच्या मनातली धग विझली नाही. इंकांनी मात्र रस्ते आणि धान्यकोठारं बांधली, खंडणीऐवजी श्रम घेतले, जिंकलेल्या लोकांना दूर नेऊन वसवलं. पकड कितीतरी घट्ट!

१५१९ मध्ये स्पॅनिश सेनानी कोर्तेस आला तेव्हा अ‍ॅझ्टेकांचे जुने शत्रू, त्लाश्कालाचे लोक, आधी त्याच्याशी लढले, मग अ‍ॅझ्टेकांवरच्या रागापोटी हजारोंनी त्याच्या बाजूला गेले. पुढच्याच वर्षी देवीच्या साथीत अ‍ॅझ्टेकांचा नवा राजा क्वित्लावाक गेला. वेढ्यात तेनोच्तित्लानचं गोडं पाणी तोडलं गेलं, तरी लोक अडीच महिने झुंजले. १३ ऑगस्ट १५२१ ला शहर पडलं. या झुंजीपुढे मी आजही नतमस्तक होतो.

इंकांकडे भाऊबंदकी नडली. गादीसाठी भाऊ वास्कारला हरवून अताहुआल्पा नुकताच जिंकला होता, तोच १५३२ मध्ये स्पॅनिश सेनानी पिझारोने त्याला काहामार्का गावात पकडलं. सुटकेसाठी खोलीभर सोनं देऊनही त्याला मारलं. तरीही विल्काबांबाच्या डोंगराळ भागात इंका १५७२ पर्यंत तग धरून राहिले.