आठवड्याची मोठी मीटिंग की स्क्रम ऑफ स्क्रम्स?

अनेक टीमचं काम जुळवायला एक तर आठवड्याची मोठी मीटिंग घेतात, नाहीतर स्क्रम ऑफ स्क्रम्स, म्हणजे प्रत्येक टीमच्या एकेका प्रतिनिधीची छोटी, वरचेवर होणारी मीटिंग. दोन-तीनच टीम असतील तर यातलं काहीच लागत नाही; उठून शेजारच्या टेबलापाशी जायचं आणि बोलून घ्यायचं. टीम त्याहून वाढल्या की प्रश्न येतो. नागपूरच्या मिहानमधल्या आमच्या ऑफिसात पाच टीम एकाच प्रॉडक्टवर आहेत आणि दोन्ही प्रकारच्या मीटिंगांना मी बसलोय.

आठवड्याच्या मीटिंगचा फायदा खराच आहे. सगळे लीड आणि प्रॉडक्ट ओनर (प्रॉडक्टमध्ये काय हवं ते ठरवणारे) तासभर एकत्र येतात, मिनिट्स निघतात. नागपुरात संध्याकाळी साडेसातला ठेवली की उन्हाळ्यात न्यूयॉर्कला सकाळचे 10 वाजलेले असतात, म्हणजे क्लायंटही येतो. रिलीजची तारीख करारात अडकली असेल तर ही मीटिंग सोडता येत नाही.

मला छळलं ते तिथल्या एका उत्तरानं: "विचारून सांगतो." पेमेंटच्या टीमनं एपीआयमधून (एका प्रोग्रामनं दुसऱ्याला माहिती देण्याच्या वाटेनं) रक्कम आकड्याऐवजी स्ट्रिंग, म्हणजे मजकूर म्हणून पाठवायला घेतली. मोबाइलच्या लीडनं गुरुवारी विचारलं, हे कधीपासून लागू? पेमेंटचा लीड हुशार, पण तो कोड त्याच्या हातचा नव्हता. विचारून सांगतो, म्हणाला. उत्तर आलं तोवर स्टेजिंगवर (रिलीजआधीच्या चाचणीच्या सर्व्हरवर) बिलाची स्क्रीन क्रॅश होत होती आणि टेस्टिंगवाले रात्री उशिरापर्यंत बग टाकत बसले होते. ज्याला माहीत होतं तो मीटिंगला नव्हताच, आणि पुढची मीटिंग थेट पुढच्या गुरुवारी.

स्क्रम ऑफ स्क्रम्स जेफ सदरलँड आणि केन श्वाबर यांनी 1996 मध्ये वापरायला सुरुवात केली. काय केलं, काय करणार, कुठे अडलं, हे तीन प्रश्न टीमच्या रोजच्या छोट्या मीटिंगचे, म्हणजे स्टँडअपचेच. खरी किंमत चौथ्याची: आमचं कुठलं काम दुसऱ्या टीमच्या आड येणार आहे का? आमच्याकडे सोमवार, बुधवार, शुक्रवार, पंधरा मिनिटं. ज्यांचं गुंतलंय ते दोघं-तिघं मागे थांबतात, बाकीचे जागेवर जातात. तेव्हापासून एपीआयमधले बदल मर्ज होण्याआधी, म्हणजे मुख्य कोडमध्ये जाण्याआधी, कानावर येतात, असा माझा तरी अनुभव आहे.

एक अट मात्र पाळा. प्रतिनिधी कोड लिहिणारा हवा आणि दर स्प्रिंटला (कामाच्या ठरलेल्या छोट्या टप्प्याला) बदलता. दरवेळी स्क्रम मास्टरच (टीमचं काम स्क्रमच्या पद्धतीनं चालतंय ना हे बघणारे) गेले तर इथेही "विचारून सांगतो" सुरू होतं.

तुमची कामं एकमेकांत फारशी गुंतलेली नसतील तर आठवड्याची मीटिंग पुरेल कदाचित. पण एकच एपीआय दोन टीम वापरत असतील, तर मी क्लायंटसाठी पंधरवड्यातून एकदा मोठी मीटिंग ठेवीन आणि बाकी सगळं स्क्रम ऑफ स्क्रम्सवर सोपवीन.