पीएस५मधली जागा: २ टीबी एम.२ आणि एक यूएसबी हार्ड डिस्क, वर्षभराच्या वापरानंतर

संच असा आहे: पहिल्या पिढीचा डिस्कवाला पीएस५ (सोनीचा प्लेस्टेशन ५ गेम कन्सोल), त्यात हीटसिंकसह, म्हणजे उष्णता शोषून बाहेर टाकणाऱ्या धातूच्या पट्टीसह, २ टीबीची एम.२ एनव्हीएमई एसएसडी (आतल्या स्लॉटमध्ये बसणारी वेगवान, चिप्सची साठवण) आणि मागच्या यूएसबीला लावलेली २ टीबीची साधी पोर्टेबल हार्ड डिस्क. वर्ष उलटून गेलं. जागा पुरते का? पुरते. पण नुसते टीबी वाढवून ती पुरली नसती. कोणता गेम कुठे ठेवायचा हे ठरवल्यावर पुरायला लागली.

खोक्यावर ८२५ जीबी लिहिलेलं असतं. सिस्टिम आपला वाटा काढून घेते आणि हातात उरतात ६६७ जीबी. ८२५ हा आकडा विचित्र वाटतो, कारण आतल्या एसएसडीच्या चिप्स सांभाळणारा कंट्रोलर १२ चॅनेलचा आहे आणि त्या हिशोबाने चिप्सची बेरीज गोल येत नाही. पीएस५ची रचना करणारे मार्क सर्नी यांनी मार्च २०२० मध्ये हार्डवेअरची माहिती दिली तेव्हा हे सांगितलं होतं, सेकंदाला ५.५ जीबी वाचनाचा वेग हा आकडाही तेव्हाचाच. पुढे एम.२ घेताना तो लागतो. आजचा मोठा गेम सहज ९० ते १५० जीबी घेतो. म्हणजे सहावा-सातवा मोठा गेम टाकताना कुठला तरी जुना काढावाच लागतो. नंतरच्या स्लिम मॉडेलमध्ये १ टीबी आणि प्रो मॉडेलमध्ये २ टीबी आली, तिथे ही वेळ उशिरा येते एवढंच.

पैसे खर्च करण्याआधी सेटिंग्जमधलं स्टोरेज उघडून मीडिया गॅलरीचा आकडा बघा. ट्रॉफी, म्हणजे गेममधल्या कामगिरीचं बक्षीस, मिळाली की कन्सोल आपणहून व्हिडिओ साठवतो. कॅप्चर्स अँड ब्रॉडकास्ट्समध्ये ट्रॉफीज या भागात जाऊन ते बंद करता येतं. न बघितलेले असे व्हिडिओ वर्षभरात बरीच जागा अडवून बसतात. दुसरी तपासणी म्हणजे एकाच गेमच्या दोन आवृत्त्या. पीएस४ची डिस्क घालून पीएस५ आवृत्तीचं अपग्रेड घेतलं असेल, तर दोन्ही शेजारी शेजारी बसलेल्या सापडतात आणि कित्येक जण महिनोन्‌महिने पीएस४चीच आवृत्ती खेळत असतात. गेमच्या आयकॉनवर ऑप्शन्स बटण दाबलं की कोणती आवृत्ती चालू आहे ते दिसतं. काही गेम तुकड्यांनी काढता येतात. कॉल ऑफ ड्यूटीमध्ये कॅम्पेन, म्हणजे एकट्याने खेळायची कथा, संपली असेल तर तेवढीच उडवता येते. त्यासाठी ऑप्शन्स दाबून मॅनेज गेम कंटेंट.

आता एम.२. ही सोय सप्टेंबर २०२१ च्या अपडेटने सगळ्यांसाठी सुरू झाली. तेव्हा कमाल मर्यादा ४ टीबी होती, २०२३ मध्ये ती ८ टीबी झाली. किमान २५० जीबी. ड्राइव्ह पीसीआयई चौथ्या पिढीची, चार लेनची, एनव्हीएमईच हवी. दिसायला तशीच असलेली, जुन्या जोडणीची साटा एम.२ चालत नाही, तिसऱ्या पिढीची एनव्हीएमई पण नाही. दुकानात "एम.२ आहे ना, बसेल" असं सांगून हीच गळ्यात मारली जाते, म्हणून लेबलवर "जेन ४" वाचल्याशिवाय पैसे देऊ नयेत. पाचव्या पिढीची चालते, पण चौथीच्याच वेगाने. जास्तीचे पैसे वाया. वाचनाचा वेग सेकंदाला ५५०० एमबी किंवा जास्त असावा अशी सोनीची शिफारस आहे.

वेगाच्या आकड्यामागे दडलेली एक गोष्ट जाहिरातीत येत नाही. स्वस्त ड्राइव्हवर स्वतःची डीरॅम, म्हणजे वेगवान तात्पुरती मेमरी, नसते. त्या संगणकाच्या रॅममधला थोडा भाग उसना घेतात. या सोयीला एचएमबी म्हणतात आणि पीएस५ ती देत नाही. त्यामुळे डीरॅम नसलेली ड्राइव्ह पीएस५मध्ये संगणकाएवढी कामगिरी करेलच असं नाही. चालते, गेमही उघडतात, पण ९० जीबीचा गेम हलवताना फरक जाणवू शकतो. दीर्घकाळासाठी घ्यायची असेल तर डब्ल्यूडी ब्लॅक एसएन८५०एक्स, सॅमसंग ९९० प्रो, किंग्स्टन केसी३००० या वर्गातली घ्यावी. घरी संगणक असेल तर बसवण्याआधी त्याला लावून फर्मवेअर, म्हणजे ड्राइव्हच्या आतलं सॉफ्टवेअर, अपडेट करून घ्या. पीएस५मध्ये गेल्यावर ते करता येत नाही. परत काढून संगणकाला लावावी लागते.

हीटसिंक ऐच्छिक नाही. मापं मात्र काटेकोर आहेत: हीटसिंकसह रुंदी २५ मिमीपर्यंत, एकूण जाडी ११.२५ मिमीपर्यंत, त्यातली बोर्डच्या वर ८ मिमी आणि खाली २.४५ मिमी. बाजारातले संगणकासाठीचे पंखेवाले किंवा उंच पात्यांचे हीटसिंक इथे बसत नाहीत. स्लॉटचं पत्र्याचं झाकण लागत नाही. आणि झाकण न लावता कन्सोल चालवणं चूक आहे, कारण आतल्या पंख्यामुळे हवेचा जो ओढा तयार होतो तो या झाकणाच्या जाळीतूनही जातो. कारखान्यातूनच हीटसिंक चिकटवून आलेली ड्राइव्ह थोडी महाग पडते, पण ही सगळी कटकट वाचते.

बसवायला २० मिनिटं पुरतात. लागतो फक्त १ नंबरचा फिलिप्स, म्हणजे आपला स्टार स्क्रू ड्रायव्हर. रेस्ट मोडमध्ये, म्हणजे अर्धवट झोपेत, नाही, कन्सोल पूर्ण बंद करायचा, सगळ्या वायरी काढायच्या, थंड होऊ द्यायचा. स्टँड काढून, खाली मऊ कापड अंथरून, पीएसचं चिन्ह खाली येईल असा तो आडवा ठेवायचा. वर आलेलं पांढरं झाकण कोपऱ्यातून किंचित उचलायचं आणि सरकवायचं. "कट्‌" असा आवाज येतो, काही मोडलेलं नसतं. (स्लिममध्ये दोन्ही बाजूंची झाकणं मिळून चार तुकड्यांत आहेत.) आत पंख्याशेजारी लांबट पत्र्याचं झाकण दिसतं, त्याला एकच स्क्रू. तो पहिल्यांदा चांगलाच घट्ट असतो. स्क्रू ड्रायव्हर लहान नंबरचा असेल तर खाच घासली जाते आणि मग तो स्क्रू काढणं ही वेगळीच मोहीम होते. सरळ वरून दाब देऊन फिरवावा.

झाकणाखाली स्लॉट आणि ओळीने भोकं: ३०, ४२, ६०, ८०, ११०. हे ड्राइव्हच्या लांबीचे मिमी. बहुतेक ड्राइव्ह २२८० मापाच्या, म्हणजे ८० चं भोक. तिथे आधीपासून बसवलेला छोटा स्क्रू आणि त्याखालची गोल चकती, म्हणजे स्पेसर, दोन्ही काढून स्पेसर ८० वर ठेवायचा. हा स्पेसर विसरला तर स्क्रू आवळताना ड्राइव्ह वाकते. ड्राइव्ह तिरकी धरून, खाच जुळवून, सोनेरी पट्टी जवळजवळ दिसेनाशी होईपर्यंत आत ढकलायची, मग खाली दाबून स्क्रू लावायचा. कन्सोल सुरू केल्यावर ड्राइव्ह दिसलीच नाही, तर अनेकदा कारण हेच: ती अर्धवट घुसलेली असते. झाकण उघडलंच आहे तर कडेला धूळ गोळा होणारी दोन भोकं आहेत, तिथे व्हॅक्युम क्लीनरची बारीक नळी लावून घ्यावी.

पहिल्यांदा सुरू केल्यावर कन्सोल थेट फॉरमॅट करायला सांगतो, त्याशिवाय पुढे जाता येत नाही. नंतर वाचनाचा वेग दाखवतो. ६००० च्या वर आला की समाधानाने पुढे जावं. ५५०० च्या खालचा आकडा आला तर काही गेम नीट चालणार नाहीत अशी सूचना येऊ शकते. मग स्टोरेजमध्ये इन्स्टॉलेशन लोकेशन बदलायचं. पीएस५ आणि पीएस४ गेमसाठी तिथे वेगवेगळी जागा निवडता येते. हे केलं नाही तर नवा गेम पुन्हा आतल्या भरलेल्या एसएसडीकडेच धावतो आणि "जागा नाही" असं सांगतो.

रोजच्या वापरात आतली एसएसडी आणि एम.२ यांत लोडिंगचा फरक घड्याळ लावल्याशिवाय कळत नाही. उन्हाळ्यातही गरम झाल्याची सूचना आलेली नाही.

यूएसबी हार्ड डिस्क म्हणजे घरातला माळा. पीएस४चे गेम तिच्यावरून थेट चालतात, पीएस५चे गेम तिथे फक्त ठेवता येतात. खेळायचे तर परत आत आणावे लागतात. तरी ही सोय मोलाची आहे. १०० जीबीचा गेम साध्या हार्ड डिस्कवरून आत यायला १५ ते २० मिनिटं लागतात. तोच इंटरनेटवरून घेतला तर १०० एमबीपीएसवर सव्वादोन तास, ४० वर साडेपाच, आणि तेही वेग टिकला तर. २.४ गिगाहर्ट्झच्या वायफायवर तो टिकत नाही. राउटरपासून लॅन केबल ओढावी. अनेक फायबर प्लॅनला महिन्याला ३३०० जीबीची मर्यादा असते. एकट्याला ती पुष्कळ वाटते, पण घरात सगळे काही ना काही बघत असतील तर दोन मोठे गेम तीनतीनदा उतरवून बघा. माळ्यावरच्या पीएस५ गेमबाबत एक खोच आहे: तो तिथे असताना अपडेट होत नाही. सहा महिन्यांनी आत आणलात की कॉपी संपल्या संपल्या अपडेट सुरू होतो, तो १० जीबीचाही असू शकतो. मित्र यायच्या अर्धा तास आधी हे काम काढू नये.

हार्ड डिस्क २५० जीबी ते ८ टीबीमधली, यूएसबी ३ची हवी. एका वेळी एकच लावता येते आणि हबमधून नाही. पहिल्या मॉडेलमध्ये पुढचा चौकोनी यूएसबी पोर्ट जुन्या वेगाचा आहे, तिथे ती चालत नाही. मागचे दोन किंवा पुढचा टाइप-सी वापरावा. फॉरमॅट करताना तिच्यावरचं सगळं जातं. लग्नाचे फोटो असलेली डिस्क या कामाला घेऊ नये हे सांगायची गरज पडू नये, पण पडते.

गेमची डिस्क घेतली म्हणजे जागा वाचते, हा समज अजून गेलेला नाही. गेम डिस्कवरून पूर्ण एसएसडीत उतरतो. डिस्क नंतर फक्त मालकीचा पुरावा म्हणून आत लागते. वाचतो तो इंटरनेटचा डेटा, आणि गेम संपल्यावर डिस्क विकता येते, जे आपल्याकडे महत्त्वाचं आहे. मोठी डिस्क उतरायला पाऊण ते एक तास लागतो. फायनल फँटसी ७ रीबर्थसारख्या गेमला दोन डिस्क आहेत: आधी डेटा डिस्क, मग प्ले डिस्क. उलट क्रमाने घातली तर कन्सोल दुसरी मागत बसतो. सेकंडहँड घेताना दोन्ही आहेत ना ते बघून घ्या.

आता सगळ्यात नाजूक गोष्ट. गेम कितीही वेळा पुन्हा उतरवता येतो; सेव्ह, म्हणजे खेळातली साठवलेली प्रगती, गेला की गेला. गेम डिलीट केल्याने सेव्ह जात नाही, तेवढी भीती नको. पण पीएस५ गेमचे सेव्ह कन्सोलच्या आतल्या एसएसडीवरच राहतात, एम.२ वर किंवा हार्ड डिस्कवर नाही, आणि पीएस४सारखे सुटे पेन ड्राइव्हवरही घेता येत नाहीत. पीएस प्लस (सोनीची सशुल्क सदस्यता) असेल तर क्लाउडवर आपोआप जातात. सेव्ह्ड डेटामध्ये ऑटो-सिंक चालू आहे का ते एकदा बघा. प्लस नसेल तर उरतो तो पूर्ण बॅकअप: सिस्टिममध्ये सिस्टिम सॉफ्टवेअर, तिथे बॅक अप अँड रिस्टोर. त्याला एक्सफॅट प्रकाराने फॉरमॅट केलेला वेगळा ड्राइव्ह लागतो, गेमसाठी फॉरमॅट केलेली हार्ड डिस्क चालत नाही. गेम वगळून फक्त सेव्ह निवडले तर बॅकअप छोटा होतो. मात्र तो परत टाकताना कन्सोल आधी पूर्ण पुसला जातो, म्हणून हा रोजचा उपाय नाही, संकटातला आहे.

संकट बहुधा विजेचं असतं. पुण्यात गुरुवारी वीज जाते हे माहीत असूनही बुधवारी रात्री रेस्ट मोडमध्ये डाउनलोड लावून झोपणारे आहेत. वीज आल्यावर कन्सोल "नीट बंद केला नव्हता" म्हणतो आणि यूएसबी डिस्क तपासत बसतो. बहुतेक वेळा काही बिघडत नाही. कॉपी चालू असताना गेली असेल तर तो गेम अर्धवट राहतो, काढून पुन्हा टाकावा. पीएस५चा वीजपुरवठा ३५० वॅटचा आहे. टीव्हीसह ६०० व्हीएचा छोटा यूपीएस कुरकुरतो, १ केव्हीएचा घ्यावा.

रांगेत अडकलेलं डाउनलोड हलत नसेल, किंवा गेम काढूनही जागा परत दिसत नसेल, तर सेफ मोड. कन्सोल बंद असताना पॉवर बटण दाबून धरायचं, साधारण सात सेकंदांनी दुसरी बीप आली की सोडायचं, कंट्रोलर केबलने जोडायचा. पाचवा पर्याय कॅशे आणि डेटाबेसचा: आधी कॅशे साफ, मग रीबिल्ड डेटाबेस. यात गेम आणि सेव्ह जात नाहीत. सहावा आणि सातवा पर्याय मात्र कन्सोल पुसतात, तिथे बोट घसरू देऊ नका.

एम.२ नव्याने घेणाऱ्याला १ टीबी की २ टीबी? डिस्क घेऊन, खेळून, विकणाऱ्याला १ टीबी पुरे. डिजिटल एडिशनवाल्याने (ज्याच्या कन्सोलला डिस्क ड्राइव्ह नाही) २ घ्यावी. ४ टीबीचे पैसे मी देणार नाही. तेवढ्यात हार्ड डिस्क आणि दोन गेम येतात. आणि कन्सोल पुढे विकायचा झाला तर सेव्ह सिंक करून एम.२ काढून ठेवा, स्पेसर आणि स्लॉटचं झाकण जागेवर लावा, मगच रीसेट करा. ती ड्राइव्ह पुढच्या पीएस५मध्ये लावताना पुन्हा फॉरमॅट करावी लागेल, त्यामुळे त्यावरचे गेम तिथे जसेच्या तसे मिळतील अशी आशा नको.