काचेची टाकी की प्लास्टिकचा टब? पाणकासवाचं घर बदलताना

रेड-इअर्ड स्लायडरसारख्या पाणकासवाला मोठी जागा द्यायची ठरली की काच घ्यावी की टब, इथेच गाडी अडते. मापाचा हिशोब दोन्हीकडे एकच: कवचाच्या लांबीच्या दर इंचामागे साधारण 40 लिटर पाणी, म्हणजे 5 इंची कासवाला 200 लिटर. पाण्याची खोली कवचाच्या लांबीच्या निदान दीडपट.

काचेत कासवाला चहूकडून माणसं दिसतात, मधली काच मात्र कळत नाही. मग ते तासन्‌तास काचेला नाक लावून पोहतं आणि कोणी जवळ आलं की ऊन खायच्या फळीवरून धपकन पाण्यात पडतं. फळीवर टिकलंच नाही तर अंग तापत नाही, कवच वाळत नाही, पचनही मंदावतं. तीन बाजूंना बाहेरून गडद कागद लावला तर बराच फरक पडतो. टबच्या भिंतींतून पलीकडचं दिसतच नसल्याने तिथे हा प्रश्न येत नाही. बुजऱ्या किंवा मोठ्या कासवाला टबच बरा.

पण टबची खोड वेगळी. उघडा हीटर प्लास्टिकला टेकला की भिंत मऊ पडते. जाळीचं आवरण हवंच. पातळ टब पाण्याच्या भाराने फुगतो. फळी तापवणाऱ्या दिव्यासाठी वेगळा स्टँड लागतो. शिवाय कासव फक्त वरून दिसतं, त्यामुळे पोटाकडची जखम नजरेतून सुटते. पिल्लू असेल तर म्हणूनच काच घ्यावी. झाकण कशावरही असो, काचेचं नको: कवच आणि हाडांसाठी लागणारे यूव्हीबी (अतिनील) किरण त्यातून जवळजवळ जातच नाहीत. फळी मात्र काठापासून इतकी खाली हवी की पुढचे पाय वर पोचू नयेत. पळून जाण्यात ही मंडळी पटाईत असतात.

रुळण्याचा खरा घोळ पाण्यात होतो. कासवाच्या घाणीतून पाण्यात विषारी अमोनिया तयार होतो आणि चकाचक नव्या फिल्टरमध्ये तो पचवणारे जिवाणू नसतात. ते पुरेसे वाढायला 4 ते 6 आठवडे लागतात. तोवर अमोनिया साचून डोळे सुजणं, कातडी लाल होणं सुरू होतं. म्हणून जुन्या फिल्टरचा स्पंज जुन्याच पाण्यात ओला ठेवून नव्या फिल्टरमध्ये घालावा. नळाखाली धुतला तर क्लोरीनने जिवाणू मरतात. नव्या पाण्यातलं क्लोरीनही आधी काढावं. तापमान मोठ्या कासवासाठी 24 ते 26 अंश, फळीवर 32 च्या आसपास. जुन्या-नव्या पाण्यात 2 अंशांहून जास्त तफावत नको.

हलवल्यावर पहिला दिवस खायला घालू नये, हातातही घेऊ नये. मोठं कासव आठवडाभर तोंड फिरवून बसलं तरी चालतं. मात्र एका कुशीवर कलून तरंगणं, नाकातून बुडबुडे किंवा तोंड उघडं ठेवून श्वास दिसला, तर थांबायचं नाही. ही फुप्फुसाच्या संसर्गाची लक्षणं असतात आणि त्यावर औषध पशुवैद्यांकडूनच.