शवपेटी आणि अंत्यविधीचं सामान: रत्नागिरी तालुक्यातली एक सेवा

मुंबईहून मुलं पोचेपर्यंत रात्र उलटते, म्हणून कोकणातल्या वाड्यांवर शवपेटी, म्हणजे देह गार ठेवणारी विजेवरची पेटी, लागतेच. या सेवेचं पेटीचं काम चोख आहे. देह ठेवण्याआधी पेटी अर्धा तास रिकामी चालवून गार करतात, खालची पाण्याची नळी बादलीत सोडतात आणि झाकण सारखं उघडू देत नाहीत. तेच बरोबर. झाकण उघडलं की दमट हवा आत शिरते, गारवा जातो.

अडचण विजेची. पावसात व्होल्टेज पडलं की कॉम्प्रेसर उचलत नाही आणि घरचा इन्व्हर्टर त्याला पुरत नाही. स्टॅबिलायझर ते आणतात, जनरेटर मात्र फोनवरच आठवणीने मागावा लागतो. बारीक एक्स्टेन्शन वायर तापते, ती लावू नका. अर्थिंग असलेला मोठा प्लगच हवा.

सामानात बांबू, कामट्या, सुतळी, मडकं, कोरं कापड, गुलाल, कापूर, राळ, गोवऱ्या सगळं येतं. बांबू ओला, जड नाही ना, एवढं पाहून घ्या. लाकडं ते देत नाहीत. एका चितेला साधारण ३०० ते ४०० किलो लागतात. जुलैत शेडमधली सुकी मिळाली नाहीत तर तूप-राळ ओतूनही नुसता धूर होतो.

कागदांबद्दलचा सल्ला मोलाचा: घरी मृत्यू झाला असेल तर डॉक्टरांचा नमुना ४अ, म्हणजे मृत्यूच्या कारणाचा दाखला, दहनाआधी घ्या, ग्रामपंचायतीत नोंद २१ दिवसांत करा.