व्हिएतनाममध्ये खाजगी गाइड: कुठे पैसे वसूल, कुठे नुसती चैन

मुंबईहून व्हिएतनामला थेट विमानं सुरू झाल्यापासून ओळखीतलं कुणी ना कुणी विचारतंच: "ऐतिहासिक ठिकाणं बघायला स्वतंत्र गाडी आणि गाइड घ्यावा, की हॉटेलवाला देतो ती बसची टूर पुरे?" ग्रॅब या टॅक्सीच्या अॅपवरून गाडी मागवून किंवा आगगाडीने आपलं आपण जाता येतं, हा तिसरा पर्याय फारसा कुणी विचारात घेत नाही.

माझं उत्तर प्रत्येक ठिकाणाला वेगळं आहे. सगळीकडे खाजगी गाइड घेणारे नातेवाईक मी पाहिले, आणि पैसे वाचवायला सगळीकडे बसने जाऊन "दगड-विटाच तर होत्या" म्हणत परतलेलेही. माझा ठोकताळा असा की जिथे डोळ्यांना दिसण्यासारखं फार उरलेलं नाही, तिथे गाइड घ्यावा. जिथे वास्तू उभी आहे आणि पाट्या धड आहेत, तिथे नुसती गाडी बास.

आधी पैशांचं बघू. एक लाख डोंग म्हणजे साधारण तीन-साडेतीनशे रुपये. अर्ध्या दिवसाची बसची टूर बहुतेक ठिकाणी माणशी चार ते सहा लाख डोंगांत बसते. गाडी, ड्रायव्हर आणि गाइड असं स्वतंत्र घेतलं तर अंतराप्रमाणे सगळ्यांचे मिळून वीस-तीस लाख. म्हणजे दोघंच असाल तर खाजगी टूर दुप्पट-तिप्पट महाग. पण आई-बाबा आणि एखादा मुलगा धरून पाच जण सात आसनी गाडीत बसले, की माणशी हिशोब बसच्या आसपास येतो. चौघांच्या वर असाल तर पैशाचा मुद्दा बाजूला ठेवून फक्त ठिकाणाचा विचार करा. भाव हंगामाप्रमाणे हलतात, आणि प्रवेशाचं तिकीट टूरच्या किमतीत धरलंय का, हे दोन्हीकडे आधी विचारायचं.

मी सन: इथे गाइड हवाच

मी सन म्हणजे मध्य व्हिएतनाममधल्या होई आन या जुन्या शहरापासून सुमारे चाळीस किलोमीटरवरची, डोंगरांनी वेढलेली दरी. चौथ्या शतकाच्या अखेरीस चाम लोकांच्या चंपा राज्याच्या भद्रवर्मन राजाने इथे भद्रेश्वराचं देऊळ बांधलं. राजाच्या नावाला ईश्वर जोडायचा, ही रीत आपल्याला ओळखीची. ते देऊळ जळाल्यावर सातव्या शतकात शंभुवर्मनने ते पुन्हा उभारलं आणि देवाचा शंभुभद्रेश्वर झाला. पुढे तेराव्या शतकापर्यंत इथे देवळांची भर पडत राहिली. शिलालेख संस्कृतात आहेत आणि चाम भाषेत.

इतकं ऐकून मराठी माणूस उत्साहाने बसच्या टूरला जातो आणि तिथेच फसतो. वीस-पंचवीस जणांच्या घोळक्यात निम्मे युरोपचे, उरलेले कोरियाचे. शिवलिंग म्हणजे काय, हे त्यांना समजावण्यात गाइडची पंधरा मिनिटं जातात. त्यांना ते हवंच असतं, त्यात गाइडची चूक नाही. आपण मात्र शाळुंकेकडे बघत ताटकळत उभे. दुसऱ्या खेपेला मी खाजगी गाइड घेतला आणि गाडीतच सांगून टाकलं: शंकराचं आम्हाला ठाऊक आहे, तुम्ही चामांचं सांगा. तो हसला, आणि मग खरा दिवस सुरू झाला.

विटांच्या सांध्यांत चुना जवळजवळ दिसत नाही, तो का दिसत नाही यावरचे तर्क त्याने भिंतीला हात लावून सांगितले. देवळांना ए, बी, सी अशी अक्षरं दिसतात, ती विसाव्या शतकाच्या सुरुवातीला आंरी पार्मांतिए या फ्रेंच अभ्यासकाने दिलेली. ए-१ हे त्यातलं सर्वांत देखणं देऊळ. १९६९ च्या ऑगस्टमध्ये अमेरिकन बॉम्बफेकीत ते कोसळलं. आज तिथे उभं राहिलं तर समोर ढिगारा आणि काही दगड, एवढंच. सांगणारं कुणी नसेल तर त्या जागेवरून माणूस फोटोसुद्धा न काढता पुढे जातो.

आपला एक धागाही इथे आहे. भारतीय पुरातत्त्व सर्वेक्षणाने २०१७ पासून पुढची काही वर्षं इथल्या ए, एच आणि के या समूहांची डागडुजी केली. त्याच कामात २०२० साली नवव्या शतकातलं, अखंड वालुकाश्मातलं शिवलिंग सापडलं. कुठली वीट जुनी आणि कुठली आपल्या लोकांनी बसवलेली, हे गाइड दाखवतो तेव्हा ओळखता येतं.

वेळेचाही फरक मोठा. खाजगी गाडीने साडेपाचला निघालात तर बसगाड्या यायच्या आत तुमचं बघून होतं. दहानंतर त्या दरीत ऊन असं काही कोंडतं की भद्रवर्मन असो की शंभुवर्मन, सगळे सारखेच वाटू लागतात. शिवाय परतताना गाडी दा नांग शहरातल्या चाम शिल्पांच्या संग्रहालयाकडे वळवता येते. मी सनच्या ई-१ देवळातली सातव्या शतकातली कोरीव पीठिका तिथे आहे. जागेवर गाभारा रिकामा आणि गाभाऱ्यातलं शिल्प शहरात, हे दोन्ही एका दिवसात जुळलं की ते देऊळ कळतं. बस असली वाकडी वाट सहसा करत नाही.

एक प्रश्न गाइडला जरूर विचारा: चाम लोक आता कुठे आहेत? ते आहेत, मुख्यतः दक्षिणेकडच्या किनाऱ्याच्या पट्ट्यात आणि मेकाँगच्या खोऱ्यात. त्यांतले काही अजून स्वतःला बलामोन म्हणवतात. शब्द कुठून आला ते सांगायला नको.

कू ची: इथे बस चालते

हो चि मिन्ह सिटीजवळची ही भुयारं फ्रेंचांविरुद्ध चाळीसच्या दशकात खणायला घेतली गेली आणि अमेरिकेविरुद्धच्या युद्धात वाढत वाढत दोनशे किलोमीटरच्या वर गेली. पर्यटकांसाठी जागा दोन: बेन दिन्ह ही जवळची आणि गर्दीची, बेन ज्युओक ही लांबची आणि निवांत. दोन्हीकडे ठरलेला मार्ग असतो. सापळे, भूमिगत दवाखाना, धूर लांबवर विखरून सोडणारी होआंग काम चूल, शेवटी पर्यटकांसाठी रुंद केलेल्या भुयारातून रांगत जाणं. सगळं मांडून ठेवलेलं आहे आणि आत माहिती द्यायला तिथली माणसं असतात. खाजगी गाइड तेच बोलतो, फक्त तुमच्या एकट्यापुढे.

बसच्या टूरचा त्रास एकच: वाटेत लॅकरच्या वस्तूंच्या कारखान्यात अर्धा-पाऊण तास थांबवतात. त्याला पर्याय म्हणजे दहा-बारा जणांची छोटी व्हॅन. थोडी महाग, पण बुक करताना बेन ज्युओकला जाणारी मागता येते. माझ्या मते कू चीसाठी हाच सर्वांत शहाणा सौदा. सोबत लहान मुलं असतील, किंवा कुणाला बंद जागेची भीती वाटत असेल, तरच खाजगी गाडी घ्या, म्हणजे मध्येच निघता येतं. बेन दिन्हला गोळीबाराचं मैदान आहे आणि एके-४७ चा आवाज सतत कानात घुमतो, हेही धरून चाला.

आता व्हॉट्सअॅपचा विषय. व्हिएतनामने शिवरायांच्या गनिमी काव्यावरून अमेरिकेला हरवलं आणि तिथल्या नेत्याने स्वतःला महाराजांचा मावळा म्हणवलं, असा एक मजकूर आपल्याकडे वर्षानुवर्षं फिरतोय. त्याला मला कुठे आधार सापडलेला नाही, आणि मी विचारलं त्या गाइडने हे कधी ऐकलेलं नव्हतं. ज्यांनी ही भुयारं हातांनी खणली त्यांचं श्रेय त्यांच्याकडेच राहू द्यावं, असं मला तिथे उभं राहून वाटलं. खरी जवळीक दुसरीकडेच सापडते. फेरीच्या शेवटी उकडलेला टॅपिओकाचा कंद आणि शेंगदाण्याचं तीळ-मीठ घातलेलं कूट देतात. युद्धात हेच खाऊन दिवस काढले, असं सांगतात. आपला साबुदाणा याच कंदाचा. बशीकडे बघून बायको म्हणाली, "एकादशी झाली म्हणायची."

ह्वे: गाडी घ्या, गाइड नको

हे वाचून काही जण रागावतील, कारण ह्वे म्हणजे न्गुयेन घराण्याची १८०२ ते १९४५ पर्यंतची राजधानी, आणि इतिहास इथे भरपूर आहे. पण तो डोळ्यांसमोर उभा आहे आणि इंग्रजी पाट्याही बऱ्या आहेत. न्गो मोन हा राजवाड्याचा दक्षिण दरवाजा, जिथे ३० ऑगस्ट १९४५ ला बाओ दाइ या शेवटच्या बादशहाने सत्ता सोडली. अलीकडेच दुरुस्त होऊन उघडलेला थाइ होआ महाल. १८३० च्या दशकात ओतलेले नऊ प्रचंड कांस्य कलश. हे बघायला सकाळचे तीन तास आणि चांगली टोपी लागते. फ्रेंचांविरुद्धच्या १९४७ च्या आणि अमेरिकन युद्धातल्या १९६८ च्या लढाईत आतल्या बहुतेक इमारती गेल्या. मोकळी हिरवळ दिसते, ती बाग म्हणून आखलेली नाही, हे आधी वाचून गेलात तर गाइडची उणीव भासत नाही.

अडचण येते ती समाध्यांची. त्या शहराबाहेर, एकमेकींपासून लांब पसरलेल्या आहेत. म्हणून दिवसभरासाठी ड्रायव्हरसकट गाडी ठरवावी आणि राजवाडा व समाध्या यांचं एकत्र तिकीट काढावं. सगळ्या बघू नका. तू दुकची आणि खाइ दिन्हची, दोन पुरेत. तू दुकने आपली समाधी जिवंतपणीच बांधून घेतली आणि तिथे तळ्याकाठी कविता करत राहिला. शंभरावर राण्या असून मूल नाही, म्हणून समाधीवरचा लेखही त्याला स्वतःच लिहावा लागला. खाइ दिन्हची समाधी बाहेरून काळवंडलेली आणि आत काच-चिनी मातीच्या तुकड्यांनी लखलखणारी. दोन्ही पाठोपाठ बघितल्या की घराण्याची उतरण आपोआप दिसते.

दा नांगहून एका दिवसात ह्वे करून आणणारी बसची टूर मात्र टाळाच. जाण्या-येण्यात चार-पाच तास जातात आणि राजवाड्यात तासाभरात हाकलतात. त्यापेक्षा दा नांग-ह्वे आगगाडीने जा, हाइ व्हानच्या घाटात समुद्राकडची खिडकी धरा, आणि एक मुक्काम करा.

सतरावा अक्षांश: इथे दुसरा उपायच नाही

१९५४ च्या जिनिव्हा करारानंतर देश सतराव्या अक्षांशाजवळच्या बेन हाइ नदीवर उत्तर-दक्षिण दुभंगला. ह्वेहून साधारण शंभर किलोमीटरवर हिएन लुओंगचा पूल आहे, फाळणीत अर्धा एका रंगाचा, अर्धा दुसऱ्या. पुढे किनाऱ्यावर विन्ह मोकची भुयारं. कू ची लढणाऱ्यांची होती, ही गावकऱ्यांची. बॉम्बफेकीच्या वर्षांत अख्खं गाव जमिनीखाली राहिलं आणि आतल्या बाळंतिणीच्या खोलीत सतरा मुलं जन्मली. ही भुयारं रुंद केलेली नाहीत. कू ची आणि विन्ह मोक यांपैकी एकच जमणार असेल, तर मी विन्ह मोक निवडेन.

पण इथली ठिकाणं विखुरलेली, सार्वजनिक वाहनं तुरळक, आणि खे सानसारख्या जागी कॉफीच्या मळ्यांमधली एक धावपट्टी, छोटं संग्रहालय आणि काही जुनी हेलिकॉप्टरं, एवढंच दिसतं. १९६८ मध्ये अमेरिकन तळाला ७७ दिवस वेढा पडला होता तो इथे, हे कुणीतरी सांगावं लागतं. चांगला गाइड घ्या, आणि खे सान व विन्ह मोक एकाच दिवसात कोंबायला लावू नका.

शहरांतली संग्रहालयं, म्हणजे हनोईतला होआ लो तुरुंग किंवा हो चि मिन्ह सिटीतलं युद्धावशेषांचं संग्रहालय, ग्रॅबने जाऊन ध्वनिमुद्रित माहिती ऐकत बघावीत. तिथल्या छायाचित्रांपुढे कुणी शेजारी बोलत नसेल तर बरंच.

ठरवताना

"खाजगी टूर" या शब्दाने मी एकदा सपशेल फसलो. पैसे भरले, सकाळी गाडी आली, ड्रायव्हर फर्डं इंग्रजी बोलणारा. ठिकाणी पोचल्यावर म्हणाला, "मी इथेच थांबतो, तुम्ही बघून या." जाहिरातीत 'इंग्रजी बोलणारा ड्रायव्हर' असंच लिहिलं होतं, वाचलं नाही ते मी. म्हणून बुक करतानाच लेखी विचारा: परवानाधारक गाइड आत बरोबर येणार का? व्हिएतनाममध्ये गाइडला सरकारी ओळखपत्र लागतं आणि परदेशी पाहुण्यांना देशभर फिरवायचं तर ते आंतरराष्ट्रीय प्रकारचं. ते दाखवायला खरा गाइड का-कू करत नाही.

स्कूटर भाड्याने घेऊन मी सनला जाणारे तरुण खूप दिसतात. भारतात मिळणारा आंतरराष्ट्रीय वाहन परवाना १९४९ च्या करारातला, व्हिएतनाम मानतो १९६८ च्या करारातला, म्हणजे आपला तिथे चालत नाही. अपघात झाला तर विमा कंपनी हात वर करेल.

शाकाहारी असाल तर खाजगी गाइडचा एक फायदा कुठल्याही देवळाहून मोठा आहे. बसच्या टूरमधल्या 'व्हेज' जेवणात माशाचा रस, न्युओक माम, हमखास डोकावतो. गाइडला 'चाय' म्हटलं की तो शुद्ध शाकाहारी खानावळीत नेतो. आपल्या चहाशी त्या शब्दाचा संबंध नाही. बौद्ध परंपरेमुळे ह्वेमध्ये अशा खानावळी पुष्कळ आहेत, आणि पौर्णिमा-अमावास्येच्या सुमारास तिथले अनेक लोकही चायच खातात. त्या दिवशी गेलात तर जेवायला दुपारी बारापूर्वी पोचा, नंतर जागा मिळत नाही.