सायबरशेफ, काही महिन्यांनी: सगळे गुण 'क्रिब'च्या चौकटीला

नोंदी ठेवायचं एक ॲप बंद पडलं. जाता जाता त्यांनी 'तुमचा डेटा' म्हणून एक फाइल हातात ठेवली. उघडली तर अक्षरांचं नुसतं कडबोळं. असला मजकूर उलगडून देणाऱ्या एका संकेतस्थळाने दोन ओळी दाखवल्या आणि पुढे वर्गणी मागितली. नोंदी माझ्या, आणि वाचायचे पैसेही मीच द्यायचे! वर सगळं त्यांच्या सर्व्हरवर चढवायचं. म्हणून सायबरशेफ, असला मजकूर उलगडायचं साधन.

हे ब्रिटनच्या जीसीएचक्यू या गुप्तहेर संस्थेचं, २०१६ पासून सर्वांना खुलं आणि फुकट. हेरखात्याचं नाव वाचून कपाळावर आठी येते खरी, पण काम सगळं ब्राउझरमध्येच होतं. डाउनलोड करून इंटरनेट बंद ठेवूनही चालतं; मी तसंच वापरते.

सुरुवातीला मी 'मॅजिक'वर फिदा होते; मजकूर कशात गुंडाळलाय हे आपणहून ओळखायची ही त्यातली सोय. ओळ 'एच४एसआय'ने सुरू झाली की बेस६४च्या (डेटा साध्या अक्षरांत लिहायची पद्धत) आत जीझिप (डेटा दाबून लहान करायची पद्धत) आहे, हे ते लगेच ओळखतं. बऱ्याचशा नोंदी अशाच सुटल्या. उरलेल्यांपुढे मात्र ते गप्प. 'इन्टेन्सिव्ह मोड', म्हणजे कसून शोधायची सोय, लावला तर शक्यतांचा ढीग समोर, त्यात खरी कुठली ते शोधत बसा. तेव्हा मॅजिक म्हणजे नुसता देखावा, असं माझं मत झालं होतं.

ते बदललं 'क्रिब'मुळे. आत काय असणार याचा अंदाज त्या चौकटीत लिहायचा. तो ज्यात सापडेल तेवढेच निकाल राहतात. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटनच्या ब्लेचली पार्क या केंद्रात एनिग्मा या जर्मन यंत्राचे सांकेतिक संदेश फोडताना हीच युक्ती होती: हवामानाच्या संदेशात 'हवामान' हा शब्द असणारच. माझ्या नोंदींच्या सुरुवातीला तारीख असायची, म्हणून नुसतं साल टाकलं. ढीग गायब, एकच ओळ शिल्लक: एका बाइटच्या चावीचं एक्सऑर, म्हणजे प्रत्येक बाइट त्याच एका चावीने बदलायची साधी युक्ती. ॲपवाल्यांनी कुलूप म्हणून हे लावलं होतं! उघडायच्या शक्यता जेमतेम २५५.

मराठी मजकूर तर नजरेनेच कळायला लागतो. यूटीएफ-८ या अक्षरं साठवायच्या पद्धतीत देवनागरीचं प्रत्येक चिन्ह ३ बाइटचं, आणि बेस६४ दर ३ बाइटची ४ अक्षरं करतं. त्यामुळे '४केएस' नाहीतर '४केडब्ल्यू' सारखं डोकावतं. मध्ये मोकळी जागा आली की १ बाइटने गाडं सरकतं आणि खूण बिघडते, तेवढं सांभाळा.

३२ अक्षरी, फक्त ० ते ९ आणि ए ते एफ असलेली ओळ असेल तर मात्र ती बहुधा एमडी५ची. ते हॅश आहे, म्हणजे मजकुरावरून काढलेला ठरावीक लांबीचा ठसा; त्यातून मूळ मजकूर उलटा काढता येत नाही. तिथे मॅजिकला बोल लावू नका.